त्रिओ लोस पांचोस : गळे बदलत गेले, मग टिकलं ते काय?

मंद्रसप्तक :

बोलेरो म्हटलं की आपल्याकडे बहुतेकांना फ्रेंच संगीतकार राव्हेलची वाद्यवृंद-रचना आठवते. हा धागा तिच्याबद्दल नाही. क्युबात जन्मलेलं, मेक्सिकोत वाढलेलं आणि सगळ्या स्पॅनिशभाषक जगाने आपलंसं केलेलं जे संथ प्रेमगीत, त्या बोलेरोबद्दल आहे. त्यातही एकाच त्रिकुटाबद्दल : त्रिओ लोस पांचोस.

माझं म्हणणं आधीच मांडतो, ज्यांना खोडायचं त्यांनी खुशाल खोडावं. लोस पांचोसचं नाव निघालं की जाणकार लगेच विचारतात, 'कुणाच्या आवाजातले?' आविलेसचे पांचोस, आल्बिनोचे पांचोस अशा वाटण्या पडलेल्या आहेत. मला ही वाटणीच चुकीची वाटते. या त्रिकुटाचं मोठेपण मुख्य गायकात नव्हतं. ते बाजूला उभं राहून गिटार वाजवणाऱ्या, दुसरा आणि तिसरा आवाज लावणाऱ्या दोघांत होतं. आल्फ्रेदो हिल आणि चूचो नावार्रो.

थोडी पार्श्वभूमी. हिल मेक्सिकोच्या पुएब्ला राज्यातल्या तेसिउत्लानचा, नावार्रो ग्वानाहुआतो राज्यातल्या इरापुआतोचा. दोघेही आधी हिलचा भाऊ फेलिपे याच्या 'एल चार्रो हिल इ सुस कापोरालेस' या संचात गात होते. न्यूयॉर्कमध्ये त्यांना एर्नांदो आविलेस हा पोर्तो रिकोचा गायक मिळाला आणि १४ मे १९४४ रोजी तिथल्या तेआत्रो हिस्पानोमध्ये हे तिघे पहिल्यांदा लोस पांचोस म्हणून उभे राहिले. जगभर 'मेक्सिकन' म्हणून ओळखलं गेलेलं हे त्रिकूट जन्मलं न्यूयॉर्कमध्ये, आणि त्याचा पहिला मुख्य गळा मेक्सिकन नव्हताच.

पुढे काय झालं बघा. १९५१ मध्ये आविलेस गेला. त्याच्या जागी बोलिव्हियाचा राउल शॉ मोरेनो आला, मग पोर्तो रिकोचा हुलितो रोद्रिगेस. १९५६ मध्ये आविलेस परत आला आणि दोनेक वर्षांत पुन्हा गेला. १९५८ पासून जॉनी आल्बिनो, हाही पोर्तो रिकोचा. १९६६ ला एन्रिके कासेरेस, १९७१ ला ओविदियो एर्नांदेस, तो वारल्यावर १९७६ ला राफाएल बासुर्तो लारा. बत्तीस वर्षांत सात मुख्य गायक! कुठलाही दुसरा संच याच्या निम्म्यात मोडला असता.

आणि तरीही रेकॉर्ड लावली की पहिल्या चार मात्रांत कळतं की हे पांचोस आहेत, कारण तोवर कुणी गायलेलंच नसतं. आधी ती छोटी, उंच स्वराची गिटार येते, रेकिंतो. ती चालीचा सगळा उतार एकदा सांगून जाते. मग मुख्य आवाज, त्याच्या खाली नावार्रोचा दुसरा, हिलचा तिसरा. कडवं संपलं की पुन्हा रेकिंतो, आणि या वेळी ती नुसती जागा भरत नाही, गायकाने जे शब्दांत मांडलं त्याला उत्तर देते. हा आराखडा हिलचा. 'रायितो दे लूना', 'पेर्दिदा' आणि 'उना कोपा मास' नावार्रोची, 'उन सिग्लो दे आउसेन्सिया' हिलचं. गाणी यांची, बांधणी यांची, वाद्यही यांचं. मग श्रेय पुढच्या गळ्याला का?


पैलतीर_जर्सी :

मंद्रसप्तक, धागा चांगला काढलात, पण मुद्दा पटत नाही. माझ्यासाठी लोस पांचोस म्हणजे १९४४ ते १९५१. त्यानंतर आहे ते त्या सात वर्षांचं व्याज.

ज्या गाण्यांवर त्यांचं नाव झालं ती काढा. 'सिन ती', 'कामिनेमोस', 'रायितो दे लूना', 'उन सिग्लो दे आउसेन्सिया'. या सगळ्यांची ओळख आविलेसच्या आवाजाने झाली. त्याच्या गाण्यात एक गोष्ट होती जी नंतर कुणालाच साधली नाही : तो रडत नाही. विरहाचे शब्द आहेत, चाल खाली खाली उतरते आहे, आणि हा माणूस सरळ, स्वच्छ, जवळजवळ बोलल्यासारखा गातो. दुःख ऐकणाऱ्याने भोगायचं. आल्बिनोकडे गळा मोठा होता, नाकात घोळवलेला गोडवा होता, पण तो प्रत्येक ओळीला सांगतो की बघा, मला किती लागलंय. रोद्रिगेस त्या दोघांच्या मधला. मला तो आल्बिनोपेक्षा आवडतो, पण तेवढ्याने आविलेसची जागा भरत नाही.

आता माझा मुख्य प्रश्न. मुख्य गायक कुणीही चालत होता, तर १९५६ मध्ये आविलेसला परत का बोलावलं? पाच वर्षांपूर्वी दुरावलेल्या माणसाला हिल-नावार्रोंनी पुन्हा पुढे उभं केलं. म्हणजे त्या दोघांनाच माहीत होतं की काय हरवलंय.

दुसरी गोष्ट तुम्ही पूर्णच गाळलीत. रेडिओ! न्यूयॉर्कमध्ये त्यांना सीबीएस या अमेरिकी रेडिओ कंपनीच्या 'व्हिवा अमेरिका' या कार्यक्रमात जागा मिळाली, आल्फ्रेदो आंतोनिनीच्या वाद्यवृंदाबरोबर. दुसरं महायुद्ध चालू होतं, लॅटिन अमेरिकेतले देश आपल्या बाजूने राहावेत ही अमेरिकी सरकारची गरज होती, आणि त्या धोरणाचाच एक भाग म्हणून हे कार्यक्रम लघुलहरींवरून दक्षिणेकडे पोचवले जात होते. मेक्सिकोत जाऊन स्थिरावण्याआधीच त्यांचा आवाज अर्ध्या खंडात पोचला होता. नंतर मेक्सिको सिटीच्या एक्सईडब्ल्यू केंद्राने तेच काम आणखी मोठ्या प्रमाणावर केलं. रेकिंतो कितीही सुंदर असली तरी एवढ्या लांबवर तिला कुणीतरी नेऊन पोचवावं लागतं.


गिटारमास्तर_मिरज :

वादात कुणाची बाजू घ्यायची ते शेवटी सांगतो. आधी रेकिंतोबद्दल नीट लिहायला हवं, कारण वर दोघांनीही तिचा उल्लेख 'छोटी गिटार' म्हणून करून सोडून दिलाय.

ती नुसती छोटी नाही. नेहमीच्या सहा तारांच्या गिटारीपेक्षा ती चार स्वर वर, म्हणजे मध्यमाने वर लावलेली असते. नेहमीच्या गिटारीला पाचव्या पडद्यावर पट्टी लावून जो स्वर मिळतो, तो इथे मोकळ्या तारेला मिळतो. तार आखूड, पोट लहान, त्यामुळे ताण वेगळा आणि आवाजाला एक टणक, चमकदार धार. मेक्सिकोत वेराक्रूसच्या लोकसंगीतात रेकिंतो नावाचं आणखी एक वाद्य आहे, त्याचा याच्याशी गोंधळ करू नये. बोलेरोची रेकिंतो १९४५ च्या सुमारास हिलने आणली असं मानलं जातं. लहान आणि वर लावलेल्या गिटारी स्पेनमध्ये आधीही होत्या, तेव्हा 'शोध' या शब्दावर मी हट्ट धरणार नाही. पण तीन पुरुषांच्या आवाजांच्या वर तिला बसवायचं आणि गाण्याचा चौथा आवाज म्हणून वाजवायचं, ही कल्पना त्याचीच.

याचं कारण अगदी व्यवहारातलं आहे. तीन पुरुष एकत्र गातात तेव्हा सगळे आवाज मध्यावर दाटतात. साधी गिटारही त्याच पट्ट्यात बोलते. त्या काळच्या ध्वनिमुद्रणात सगळे एकाच माइकभोवती उभे राहिले की गिटार गळ्यांखाली बुडून जायची. मोठ्याने वाजवावी तर हळू गाण्याची मजा गेली. हिलने आवाज वाढवला नाही, जागा बदलली. गळ्यांच्या वर कुणीच नव्हतं, तिथे तो जाऊन बसला. त्यामुळे गायकांना अगदी हलक्या आवाजात गाता आलं.

म्हणून पैलतीर, तुम्ही ज्याचं कौतुक करता ते आविलेसचं 'जवळजवळ बोलल्यासारखं' गाणं, ते मुळात शक्य झालं ते या जागा वाटून घेण्यामुळे. दोन्ही एकमेकांत गुंतलेलं आहे. तरी एकच निवडा म्हणाल तर मी मंद्रसप्तक यांच्या बाजूने. माझे विद्यार्थी आविलेससारखं गाऊ शकत नाहीत. पण हिलचे सुरुवातीचे तुकडे बसवायला घेतले की त्यांना पहिल्यांदा कळतं की गिटारवर श्वास कुठे घ्यायचा. वेगाने वाजवणारे पुष्कळ येतात शिकायला. हिलच्या तुकड्यात वेग फार कमी आहे, एका तारेवरून दुसरीकडे जाताना स्वर न तुटू देणं हेच सगळं काम आहे, आणि ते महिनोन् महिने जमत नाही.


सान्तियागोचा_रस्ता :

सगळं छान चाललंय, पण क्युबा कुठे आहे या चर्चेत? पहिल्या परिच्छेदात एक शब्द, 'जन्मलेलं', आणि मग सगळं न्यूयॉर्क आणि मेक्सिको.

बोलेरो सान्तियागो दे कुबा या शहरातलं. १८८० च्या दशकात पेपे सांचेस नावाच्या, धंद्याने शिंपी असलेल्या आणि संगीताचं शिक्षण न घेतलेल्या माणसाने 'त्रिस्तेसास' रचलं, ते पहिलं बोलेरो मानतात. त्याच शहरात १९२५ मध्ये मिगेल मातामोरोस, सिरो रोद्रिगेस आणि राफाएल क्वेतो या तिघांनी त्रिओ मातामोरोस उभं केलं. तीन माणसं, गिटारी, एकमेकांत मिसळणारे आवाज, बोलेरो, सगळं लोस पांचोसच्या १९ वर्षं आधी. न्यूयॉर्कमध्येच म्हणाल तर पोर्तो रिकोच्या राफाएल एर्नांदेसचं त्रिओ बोरिंकेन १९२० च्या दशकात गात होतं. म्हणजे त्रिकूट हा साचा हिल-नावार्रोंनी घडवलेला नाही, त्यांना तयार मिळाला.

आणि मिळालेल्या साच्यातून त्यांनी काय काढून टाकलं ते जास्त महत्त्वाचं. क्युबन बोलेरोत आफ्रिकी वंशाच्या लोकांनी आणलेला ठेका आहे. पाच आघातांची सिंकियो नावाची लय गाण्याला आतून सतत ढकलत असते. मातामोरोसचं 'लाग्रिमास नेग्रास' ऐका, अर्ध्यावर ते बोलेरोतून सोन या क्युबन नाचाच्या संगीतात जातं आणि दुःखातच पाय थिरकायला लागतात. लोस पांचोसपर्यंत येता येता तो धक्का गेला. मराका, म्हणजे ठेक्याचा तो खुळखुळा, हळू वाजते, लय सपाट होते, सगळं बैठकीच्या खोलीला शोभेल असं गुळगुळीत. जगाने ऐकलं ते हे. मग 'बोलेरो म्हणजे लोस पांचोस' असं समीकरण झालं आणि सान्तियागोचे काळे-सावळे गायक-वादक तळटीपेत गेले. वारसा म्हणताना या गोष्टीचाही हिशोब मांडा.


मंद्रसप्तक :

सान्तियागोचा_रस्ता, त्रिओ मातामोरोस आधीचं आणि थोर, यात वाद नाही. पण 'मेक्सिकन लोकांनी क्युबाचं घेऊन धुऊन टाकलं' एवढं सरळ ते नाही. मधे युकातान हा मेक्सिकोचा द्वीपकल्प येतो. मेरिदा शहर क्युबाच्या समोरच्या किनाऱ्याजवळ, तिथे बोलेरो बोटीने आलं आणि तिथल्या गिटारवाल्या गायकांनी त्याला स्वतःचं वळण दिलं. गूती कार्देनास हा त्यातला सगळ्यात तेजस्वी, १९३२ मध्ये मेक्सिको सिटीतल्या एका बारमध्ये गोळी लागून गेला, वय २६. त्यानंतर आगुस्तीन लारा या मेक्सिकन संगीतकाराने बोलेरो पियानोवर नेलं. लय मवाळ होण्याचं काम पांचोसच्या आधीच बरंच झालं होतं.

शिवाय १९६४ ची अमेरिकन गायिका ईडी गोर्मेबरोबरची 'आमोर' ही ध्वनिमुद्रिका काढून गीतकारांची नावं बघा. 'नोसोत्रोस' क्युबाच्या पेद्रो हुंकोचं, 'पिएल कानेला' पोर्तो रिकोच्या बॉबी कापोचं, 'इस्तोरिया दे उन आमोर' पनामाच्या कार्लोस एलेता आल्मारानचं, 'साबोर आ मी' मेक्सिकोच्या आल्वारो कार्रियोचं. एवढे देश एका साजात, आणि कुठलंच गाणं परकं वाटत नाही. मी याला पुसून टाकणं म्हणत नाही.

तुमचा लयीचा मुद्दा मात्र मला मान्य आहे. मातामोरोस ऐकल्यावर पांचोसचा ठेका फिका वाटतो, हे खरंच आहे. २०२३ मध्ये युनेस्कोने बोलेरोला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतलं ते क्युबा आणि मेक्सिको दोघांच्या नावाने, आणि ते योग्यच झालं.


शब्दवेडी :

मी स्पॅनिश शिकले ती या गाण्यांवरूनच, त्यामुळे प्रेमापोटीच लिहिते आहे. साज, लय, गळा यांवर एवढं बोललात, शब्दांवर कुणीच आलं नाही.

नावार्रोचं 'पेर्दिदा' घ्या. नावाचा अर्थ 'वाया गेलेली'. जग जिला असं म्हणतं त्या स्त्रीला गाणारा सांगतो की लोकांना तुझं दुःख माहीत नाही, त्यांनी काहीही म्हणोत, मी तुला खरं प्रेम देईन. १९४० च्या दशकात हे धाडसच होतं, मला ते मान्य आहे, आणि दुसरा आवाज जेव्हा त्या शब्दावर हळुवार येतो तेव्हा आजही मला भरून येतं. पण ती बाई एकदाही बोलत नाही. तिला दोष देणारेही पुरुष, तिला सोडवणाराही पुरुषच, आणि गाणारे तीन पुरुष! या त्रिकुटाची निम्मी गाणी अशी आहेत. बाई निघून गेलेली असते किंवा फसवून गेलेली असते, आणि तिघे मिळून तिच्याबद्दल बोलत असतात.

बोलेरोत बायका नव्हत्या म्हणून असं झालं, असंही नाही. 'बेसामे मूचो' कोन्सुएलो वेलास्केसचं. मारिया ग्रेवेर न्यूयॉर्कमध्ये राहून लिहीत होती. तिचं 'क्वांदो व्हुएल्वा आ तू लादो' इंग्रजीत गेलं आणि डायना वॉशिंग्टनच्या आवाजात अमेरिकेत गाजलं. दोघींच्या गाण्यात बाई स्वतः मागते, स्वतः सांगते.

म्हणूनच मला 'आमोर' ही लोस पांचोसची सर्वांत मोठी ध्वनिमुद्रिका वाटते, आणि त्याचं कारण मंद्रसप्तक देतात ते नाही. त्या ध्वनिमुद्रिकेत पहिल्यांदा त्या तीन गळ्यांच्या मधोमध एक बाई उभी आहे. ईडी गोर्मे न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समध्ये वाढलेली, सेफार्दी म्हणजे मूळच्या स्पेनकडच्या ज्यू घरातली. घरात स्पॅनिश बोललं जायचं, तरुणपणी तिने दुभाषी म्हणूनही काम केलं. 'साबोर आ मी' ती गाते तेव्हा इतक्या वर्षांच्या सहवासात माझी चव तुझ्यात उतरली आहे, हे एक बाई एका पुरुषाला सांगते. तेच शब्द पुरुषाने गायले की हक्क सांगितल्यासारखे वाटतात. तिच्या तोंडी ते नुसतं माहीत असणं आहे. आणि ते तिघे खाली उतरून तिला जागा देतात.


पैलतीर_जर्सी :

शब्दवेडी, अगदी हेच! 'आमोर'ने माझंच म्हणणं सिद्ध केलं. समोरचा गळा बदलला आणि त्रिकुटाचा सगळा अर्थ बदलला. मंद्रसप्तक म्हणतात तसं गळा कुणाचाही चालत असता, तर गोर्मे आल्याने काही फरक पडला नसता.

मला मात्र तिथे पांचोस साथीदार झालेले दिसतात. गोर्मे अमेरिकेतली मोठी पॉप गायिका, १९६३ मध्येच तिचं 'ब्लेम इट ऑन द बोसा नोव्हा' गाजलेलं. न्यूयॉर्कच्या कंपनीला स्पॅनिश बाजारपेठ हवी होती. रेकॉर्ड सुंदर आहे, आमच्या इथे मेक्सिकन आणि पोर्तो रिकन घरांत आजीपासून नातीपर्यंत सगळ्यांना ती पाठ असते. पण ती गोर्मेची रेकॉर्ड म्हणून.


मंद्रसप्तक :

पैलतीर, उलटं आहे. गोर्मे स्पॅनिशमध्ये दुसऱ्या कुठल्याही संचाबरोबर एवढी लोकांच्या घरात गेली नाही. तिला पॉपच्या मोठ्या वाद्यवृंदातून काढून तीन गिटारींमध्ये उभं केलं आणि तिचा आवाज निम्मा झाला, खोल झाला. हे कुणी केलं? चांगला गळा पुढे ठेवा, बाकी आम्ही करतो, हीच तर हिल-नावार्रोंची ताकद.


पुएब्लातून :

कंपनीच्या कामानिमित्त मेक्सिकोत पुएब्ला शहरात राहतो. संगीतातलं मला फार कळत नाही, पण इथे वारसा कसा दिसतो ते सांगू शकतो.

मेक्सिकोत १० मे हा मातृदिन. त्याच्या आदल्या रात्री उशिरा किंवा पहाटे मुलं आईच्या खिडकीखाली गाणारे घेऊन येतात. पुष्कळदा मारियाची, म्हणजे कर्णे-व्हायोलिनवाले मोठे संच, असतात, पण ज्यांना एवढा गाजावाजा नको असतो ते त्रिकूट सांगतात. आमच्या गल्लीत आलेले तिघे मी बाल्कनीतून बघितले. गडद कोट, दोन मोठ्या गिटारी आणि एक ती छोटी. रेकिंतोवाला दिव्याच्या खांबाखाली उभा राहून खूप वेळ तार जुळवत होता, बाकीचे दोघे काहीच न बोलता थांबले होते. घरातला मुलगा विशीतला असेल, मोबाइलवर रॅप ऐकणारा. गाणं सुरू झालं आणि तो प्रत्येक शब्द म्हणत होता. खिडकी उघडली, आई बाहेर आली, आणि शेजारच्या दोन-तीन घरांतल्या बायकाही दारात येऊन गायला लागल्या. त्या तिघांतला मुख्य गायक साधारणच होता. पण छोट्या गिटारीने पहिले स्वर वाजवले तेव्हा गल्लीतल्या सगळ्यांना कुठलं गाणं ते कळलं होतं. त्यामुळे माझं मत मंद्रसप्तक यांच्या बाजूला पडतं.

एक प्रश्न मात्र आहे. इथे 'लोस पांचोस' या नावाने किंवा त्या नावाचा आधार घेऊन एकापेक्षा जास्त संच कार्यक्रम करतात. चूचो नावार्रोच्या मुलाचा संच आहे, शेवटचे मुख्य गायक बासुर्तो लारा यांचा वेगळा. खरे कोण, यावर लोक हिरिरीने भांडतात. गळा महत्त्वाचा नसेल, तर बासुर्तोंचा हक्क जातो. रक्ताचं नातं पुरेसं म्हणाल, तर मुलाचा राहतो. तुमच्या हिशोबाने काय?


मडगावकार :

एवढ्या सगळ्यात नावार्रोबद्दल कुणीच धड लिहिलं नाही, म्हणून मी लिहितो. मंद्रसप्तक यांनी नाव घेतलं, पण मास्तरांपासून सगळे हिलच्या रेकिंतोवरच थांबले.

मी गोव्यातला. आमच्याकडे मांडो, म्हणजे आमची कोंकणी प्रेमगीतं, गाताना दुसरा आवाज लावण्याची रीत आहे. चर्चच्या शाळांतून सोल्फा, म्हणजे पाश्चात्त्य स्वरवाचन, शिकलेल्या लोकांनी ती पिढ्यान् पिढ्या सांभाळली. चाल वर चालते आणि दुसरा आवाज तिच्या खाली तीन स्वरांचं अंतर राखून चालतो. हे ऐकायला सोपं, करायला महाकठीण. कारण दुसऱ्या आवाजाला स्वतःची चाल नसते. मुख्य गायक ओळीच्या शेवटी थोडा थांबला, श्वास जास्त घेतला, एखादा स्वर लांबवला, की त्याला त्याच क्षणी तेच करावं लागतं. तो पुढेही जाऊ शकत नाही, मागेही राहू शकत नाही.

आता विचार करा. सात वेगवेगळ्या मुख्य गायकांच्या श्वासाबरोबर नावार्रोने आपला श्वास जुळवला. आविलेस सरळ सोडतो, आल्बिनो घोळवतो, रोद्रिगेसची लांबी वेगळी. प्रत्येक वेळी दुसरा आवाज नव्याने शिकायला लागला असेल. मी आविलेसच्या काळातली आणि आल्बिनोच्या काळातली गाणी पाठोपाठ लावून फक्त खालचा आवाज ऐकत बसतो. पहिल्यात तो कोरडा, शब्द लवकर सोडणारा. दुसऱ्यात तोच माणूस शब्दाच्या शेवटच्या अक्षरावर रेंगाळतो, कारण पुढचा रेंगाळतोय. सवय लागली की मुख्य गायक ऐकूच येईनासा होतो. आम्ही घरी मांडो म्हणताना दुसरा आवाज नेहमी माझ्या वाट्याला यायचा, आणि तेव्हा मला ते कमीपणाचं वाटायचं. नावार्रो ऐकल्यापासून वाटत नाही.


सान्तियागोचा_रस्ता :

मडगावकार, सुंदर लिहिलंत. सिरो रोद्रिगेसचा दुसरा आवाज त्रिओ मातामोरोसमध्ये ऐका, तुम्हाला आवडेल.

आणि वारशाचा विषय निघालाच आहे तर पुढचंही बघा. रेकिंतोचा हा आराखडा नंतर खाली उतरला, गरिबांच्या वस्त्यांत. इक्वादोरचा गायक हुलियो हारामियो याने त्यावर सगळा खंड जिंकला, त्याच्यामागे रोसालिनो किंतेरोची रेकिंतो होती. दोमिनिकन प्रजासत्ताकात १९६० च्या दशकात दारूच्या गुत्त्यांतून बाचाता ही गाण्या-नाचाची शैली आली, तिचं मूळही गिटारीवरच्या बोलेरोतच. तिथल्या प्रतिष्ठितांनी ती कितीतरी वर्षं रेडिओवर येऊ दिली नाही. आज तिच्यावर जग नाचतं. सान्तियागोतला जो धक्का पांचोसनी काढला म्हणून मी तक्रार केली, तो बाचातामध्ये परत आला, आणि परत आला तो याच गिटारीच्या तारेवरून. एवढं श्रेय मी हिलला मोकळ्या मनाने देतो.


पैलतीर_जर्सी :

मंद्रसप्तक, पुएब्लातून यांच्या प्रश्नाला उत्तर द्या. तुमच्या मापाने मोजू. आल्फ्रेदो हिल १९८१ मध्ये निवृत्त झाला. रेकिंतो दुसऱ्याच्या हातात गेली. मग त्याच दिवशी लोस पांचोस संपले असं म्हणायची तयारी आहे का? बासुर्तो तेव्हाही गात होते, नाव चालू होतं, कार्यक्रम भरत होते.


मंद्रसप्तक :

आहे तयारी. १९८१. नंतर जे झालं ते त्यांच्या गाण्यांचं प्रेमाने केलेलं सादरीकरण, आणि ते चालू राहायलाच हवं. मुलाने करावं, बासुर्तोंनी करावं, पुएब्लाच्या गल्लीतल्या तिघांनीही करावं. नाव कुणी लावावं हे न्यायालयाने ठरवावं. त्रिकूट मात्र रेकिंतोबरोबर गेलं.


मडगावकार :

नाही हो. चूचो नावार्रो १९९३ मध्ये वारला, आणि तोवर तो त्याच जागी उभा राहून दुसरा आवाज लावत होता. १९४४ पासून एकही दिवस त्याने ती जागा सोडली नाही. बाजूच्या दोघांनी त्रिकूट उभं केलं असं तुम्हीच म्हणालात, मग एकाच्या निवृत्तीने ते कसं संपेल? १९९३ लिहा.


पैलतीर_जर्सी :

मी १९५१ वरच आहे. पण नावार्रोचा खालचा आवाज वेगळा काढून ऐकण्याचं मडगावकार म्हणाले, ते आज रात्री 'सिन ती'पासून सुरू करतो. ऐकून झालं की इथेच लिहीन.